पोलादी पाखराचं सहावं रीळ

"मॅडम, त्या पाखराखालचं नाव चुकलंय."

दारातल्या माणसानं ओळखपाळख काही न देता पहिलं वाक्य हे टाकलं. सत्तरीला टेकलेला, उंच, सदऱ्याच्या बाह्या कोपरापर्यंत सारलेल्या आणि त्या वयातही दंड असे, की माझ्या कॉलेजातल्या पोरांनी बघत राहावं. त्यानं हातातला मोबाइल माझ्यासमोर धरला. पडद्यावर मीच आठवड्यापूर्वी चढवलेलं पोस्टर होतं. 'पोलादी पाखरू'. चंदेरी पोशाखातली, डोळ्यांवर मुखवटा लावलेली बाई दोन्ही हात पुढे करून शहरावरून उडते आहे, पाठीवर लाल कापड फडफडतंय, आणि खाली त्या वेळच्या एका मुंबईच्या नटीचं नाव.

"तोंडाचे फोटो त्या नटीचे आसतील. पण ही उडतीय, ती माझी बायको हाय," तो म्हणाला. "सरोजिनी शामराव कोष्टी. तेवढं बदला."

ही सात-आठ वर्षांपूर्वीची गोष्ट. मी तेव्हाही जयसिंगपूरच्या ज्युनिअर कॉलेजात फिजिक्स शिकवत होते आणि उरलेल्या वेळात 'उडतं उपरणं' नावाचं संकेतस्थळ चालवत होते. आपल्याकडे पडद्यावर जे कोणी झगा घालून, मुखवटा लावून, पाठीला कापड बांधून जगाला वाचवायला निघाले, त्या सगळ्यांचे सिनेमे आणि त्यांच्या जाहिरातींचं सामान आम्ही चार मित्रमैत्रिणी तिथं जपून ठेवत होतो. पोस्टरं, थिएटरच्या काचेत लावायची फोटोकार्डं, गाण्यांची चोपडी, रिक्षावरून ओरडायच्या जाहिरातींच्या कॅसेटी, गोळ्यांच्या पुड्यांवरचे स्टिकर. थोर सिनेमांना जपायला थोर माणसं असतात. आमच्या झगेवाल्यांना कोणी नव्हतं. ते आठवडाभर चालायचे, लोक हसायचे आणि पुढच्या शुक्रवारी त्यांच्यावर दुसरं पोस्टर चिकटायचं. घरी आई विचारायची, "तुझ्या सर्कशीतून वेळ मिळाला तर जेवशील का?"

आणि आता दारात खरंच सर्कशीतला माणूस उभा होता.

मी त्यांना आत बोलावलं. शामराव खुर्चीच्या टोकावर बसले आणि सांगू लागले. ते एका मोठ्या सर्कशीत झुल्यावरचे कॅचर होते. म्हणजे गुडघ्यांनी झुल्याला उलटं लटकायचं आणि समोरून हवेतून येणाऱ्याला झेलायचं. समोरून यायची ती सरोजिनी. तलशेरीची मल्याळी मुलगी, लहानपणीच सर्कशीत आलेली. लग्न झालं तेव्हा दोघांची मिळून भाषा एकच होती, ती म्हणजे सर्कशीतली हिंदी. पुढे सर्कस मोडकळीला आली आणि त्याच सुमारास इचलकरंजीच्या एका यंत्रमागवाल्याला सिनेमा काढायची हौस आली. नायिकेनं उडायचं होतं. मुंबईची नटी स्टुलावरूनही उडी मारायला तयार नव्हती.

"मग सरो उडली," शामराव म्हणाले. "आन् मी झालो डॉक्टर गंधक. म्हंजे त्याचा डुप्लिकेट. काळा मुखवटा लावून क्रेनला उलटा लटकायचो. ती उडत येऊन माझे हात धरायची, आसा शेवटचा शीन."

"काकू आता…?" मी चाचरत विचारलं.

"हाय की. घरात शेंगा भाजतीय. तिला न सांगता आलोय."

मी नाव बदलण्याचं कबूल केलं. ते उठले नाहीत. चहाचा कप दोन्ही हातांत धरून बसून राहिले.

"सिनेमा मिळंल का वो कुठं?"

"काका, तो कुणाकडंच नाही. आमच्याकडं पोस्टर आणि चार फोटोकार्डं, एवढंच आहे. तुम्ही बघितला नव्हता?"

"शेवटच्या शीनला सरो पडली. मिरजेच्या दवाखान्यात पलास्टरमधे होती. आमी बाहेर आलो तवर सिनेमा उतरला होता." त्यांनी कप खाली ठेवला. "मॅडम, उडणाऱ्याला सोताचं उडणं दिसत न्हाई. आन् कॅचरला काय दिसतंय सांगू? हात. फकस्त हात येताना दिसत्यात. बाकी कुठं बगायचंच नसतं. बारा वर्सं मी तिला झेललं. लोक तिकिटं काढून बगायचे. मी कदी बगितलीच न्हाई ती उडताना."

एवढं ऐकल्यावर मी गप्प बसणं शक्य नव्हतं.

निर्माते भूपाल बिरनाळे सापडायला वेळ लागला नाही. इचलकरंजीत त्यांना सगळे ओळखत होते, पण सिनेमासाठी नव्हे. पुढच्या रविवारी मी आणि शामराव माझ्या जुन्या गाडीतून त्यांच्या घरी गेलो. बिरनाळे अण्णा आता ऐंशीचे होते, स्वच्छ धोतर, कानात यंत्र. सिनेमाचं नाव काढताच ते आधी लाजले आणि मग खुलले.

"पोलादी पाखरू! आमच्या हिनं तवा महिनाभर अबोला धरला होता." ते हसले. "माझा नातू अजून मला सुपरमॅन म्हणून चिडवतोय. रिळं आहेत की. वरच्या खोलीत डबे पडलेत. न्या सगळे."

डबे उघडले तसा आंबूस, व्हिनेगरसारखा वास खोलीभर पसरला. फिल्म मरायला लागली की हा वास येतो. काही रिळं गुळाच्या ढेपेसारखी चिकटली होती. अजून एखाददुसरा उन्हाळा गेला असता तर काहीच हाती लागलं नसतं. मी डबे पुसून ओळीनं मांडले आणि बघितलं तर एक कमी.

"अण्णा, सहावं रीळ?"

त्यांनी कानातल्या यंत्राशी उगाच चाळा केला. "ते नको. बाकी न्या. ते असू दे हितंच."

"पण शेवट त्यातच आहे."

"म्हणूनच नको म्हणतोय, बाई."

शामराव आतापर्यंत दाराशी उभे होते. मी त्यांची ओळख फक्त 'मिरजेचे कोष्टी' एवढीच करून दिली होती. ते पुढे आले. "अण्णा, मी डॉक्टर गंधक."

म्हाताऱ्यानं मान वर करून त्यांच्याकडे बघितलं. मग त्यांचा हात धरून शेजारी बसवलं.

"तुमची मालकीण पडली तो शॉट आम्ही सिनेमात घेतला," ते खाली बघत म्हणाले. "डायरेक्टर म्हणाला, असा शॉट परत मिळायचा नाही. खलनायक तिला खाली फेकतो आसं दाखवलं. थेटरात पब्लिकनं शिट्ट्या मारल्या. मी बसलो होतो तिथंच. बाई दवाखान्यात, आन् वर शिट्ट्या. मध्यंतरानंतरचा खेळ मी पुन्हा कदी बघितला नाही. तुम्हांला भेटायलाही यायला धजलो नाही."

"तुमी गाडी पाठवली होती की दवाखान्यात न्यायला," शामराव म्हणाले. "माज्या ध्यानात हाय. द्या ते रीळ. मला बगायचंय."

बिरनाळे अण्णा स्वतः उठले. सहावा डबा त्यांच्या कपड्यांच्या कपाटात, शालीत गुंडाळून ठेवला होता. सगळ्या डब्यांत तोच सर्वांत चांगला टिकला होता.

परतीच्या वाटेवर शामराव तो डबा मांडीवर घेऊन बसले. दोन्ही बाजूंना ऊस होता.

"पोरी," ते अचानक म्हणाले. मॅडमची पोरगी झाली होती. "एक काम करशील? सरोला दाखवताना ती उडंस्तोवर दाखव. पुढचं नको. मला एकट्याला दाखव नंतर."

"तिला त्रास होईल म्हणून?"

"माज्या हातनं निसटली ती." त्यांनी आपल्या तळव्यांकडे बघितलं. "बारा वर्सांत कदी न्हाई आन् त्या दिवशी निसटली. आली, धरली, आन् गेली. घाम आला आसंल, न्हाईतर माजं ध्यान हाललं आसंल. तिची कंबर मोडली. झुला कायमचा सुटला. पण तिनं एका शब्दानं इचारलं न्हाई मला. आजपातुर. आसल्या बाईला पडद्यावर काय दाखवायचं, मी तिला फेकतोय ते?"

मी हो म्हणाले. दुसरं काय म्हणणार?

रिळं पुण्याच्या एका प्रयोगशाळेत पाठवली. तिथं ती हळूहळू सोडवून, पुसून, एकेका चौकटीचा फोटो घ्यायचा होता. त्यात महिना जाणार होता. मधल्या काळात मी मिरजेला शामरावांच्या घरी गेले, काकूंचे सर्कशीतले जुने फोटो आमच्या संग्रहासाठी घ्यायला. पोस्टरखाली नाव बदललं होतं, ते त्यांना दाखवायचंही होतं.

सरोजिनीकाकू छोट्याशा होत्या. चालताना एका बाजूला किंचित कलायच्या, पण बसल्या की पाठ काठीसारखी ताठ. त्यांचं मराठी तीस वर्षं मिरजेत मुरलेलं, तरी लिंगं सगळी त्यांच्या मर्जीनं चालायची. स्वतःचं नाव मोबाइलवर बघून त्या म्हणाल्या, "अय्यो, एवढा मोठा!" आणि पदरानं काच पुसली. नवऱ्याला त्या मास्टर म्हणायच्या. सर्कशीतलं नाव संसारात तसंच चालू राहिलं होतं.

शामराव दूध आणायला बाहेर पडले तशी त्यांनी मला खुणेनं स्वयंपाकघरात बोलावलं.

"फिल्म मिळाला ना?" त्या हळू आवाजात म्हणाल्या. "मास्टर बोलले नाही, पण मला कळते. सहा दिवस झाले, आरशात बघून केस विंचरतात."

"मिळाला, काकू. पुण्याहून यायचाय."

"मग ऐक. मी पडते ना शेवटी, तो भाग मास्टरना दाखवू नको. तेवढा काढून टाक."

"का, काकू?" मी विचारलं.

"त्यांना वाईट वाटेल," त्या गॅसकडे वळून म्हणाल्या. "तीस वर्षं त्यांनी मला एक शब्द नाही बोलले. आता म्हातारपणी कशाला? चहा झाली. घे."

काकूंनाही मी हो म्हणाले आणि त्या दिवशी घरी येताना गाडीत एकटीच बडबडत होते. दोघांनाही एकच तुकडा एकमेकांपासून लपवायचा होता. शामरावांचं कारण मला कळलं होतं. काकूंचं मात्र कळेना. त्या नवऱ्याला वाचवत होत्या हे दिसत होतं, पण 'मला बोलले नाही' म्हणजे काय? पडणाऱ्याला कोण कशाला बोलेल?

महिन्यानं फाइल आली. कॉलेजातून आल्या आल्या चपलाही न काढता मी सहावं रीळ लावलं.

सिनेमा, खरं सांगायचं तर, फार वाईट होता. पुठ्ठ्याची क्षेपणास्त्रं, शेतकी शाळेची पत्र्याची शेड डॉक्टर गंधकाची प्रयोगशाळा म्हणून. गच्चीवरून नायिका झेपावणार तेवढ्यात नटीचं तोंड जाऊन काकूंचं अंग येत होतं, आणि ते लपवायचा कोणी प्रयत्नही केला नव्हता. पण त्या अंगानं गच्ची सोडली आणि मी खुर्ची पुढे ओढली. ती पडत नव्हती, ती जात होती. हवेत एकदा गुंडाळली, उलगडली, आणि लाल कापड मागे राहून बाई पुढे निघून गेली. मी अशा उड्या शेकड्यांनी बघितल्या आहेत, तारांवरच्या, पडद्यांवरच्या, कॉम्प्युटरवरच्या. अशी कधीच नाही.

मग हात, झेल आणि पडणं. सगळं डोळ्याचं पातं लवायच्या आत.

मी मागे गेले आणि एकेक चौकट पुढे सरकवू लागले.

काळ्या मुखवट्याच्या माणसानं तिची मनगटं धरली होती. घट्ट धरली होती. बोटं तिच्या हातात रुतलेली दिसत होती. आणि त्याच्या वर, तो उलटा असल्यामुळे त्याला दिसणं शक्य नाही अशा जागी, क्रेनच्या ज्या आडव्या लोखंडी पाइपाला त्याचा झुला बांधला होता तो पाइप एका बाजूनं कडीतून बाहेर येत होता. एका चौकटीत आत, पुढच्या चौकटीत बोटभर बाहेर. फिजिक्स शिकवणाऱ्या बाईला बाकीचं सांगावं लागत नाही. तिचं वजन आणि तिचा वेग त्याच्या हातांवर पूर्ण उतरला असता, तर पाइप निघाला असता आणि तो डोक्यावर पडला असता. खाली पेंढा होता, पण तो तिच्यासाठी पसरलेला, पुढच्या बाजूला. त्याच्या खाली फरशी होती.

तिनं वर बघितलं. मुखवट्यातून तिचे डोळे वर गेलेले एका चौकटीत स्पष्ट दिसतात. पुढच्या चौकटीत तिनं दोन्ही मनगटं आत वळवली आणि त्याच्या अंगठ्यांच्या बाजूनं काढून घेतली.

निसटली नव्हती. तिनं सोडवून घेतलं होतं.

रविवारी सकाळी मी लॅपटॉप घेऊन मिरजेला गेले. शामरावांनी इस्त्रीचा सदरा घातला होता. काकूंनी केसांत अबोली माळली होती. दोघं पलंगावर शेजारी बसले. चित्र सुरू व्हायच्या आधी दोघांनी, एकमेकांच्या नकळत, माझ्याकडे बघून मान हलवली. आठवण आहे ना?

आठवण होती. त्या आठवड्यात मी दुसऱ्या कशाचाच विचार केला नव्हता. दोघांनाही शब्द दिला होता. आणि तो पाळला तर ती दोघं आयुष्यभर एकमेकांना कशासाठी माफ करत होती, ते तसंच राहणार होतं.

गच्ची आली. काकूंनी झेप घेतली. शामरावांच्या तोंडून आवाज निघाला, हुंदका की हसू, कोण जाणे. "आगं," ते म्हणाले, "आगं सरो, तू आशी उडायचीस?"

"पाय जरा वाकडा आहे," काकू म्हणाल्या, पण त्यांचे डोळे लुकलुकत होते.

मी थांबवलं नाही. हात आले, झेल आला, आणि ती खाली गेली. दोघंही एकाच वेळी माझ्याकडे वळले. शामरावांचा चेहरा पांढरा पडला होता. काकू रागानं उठायला लागल्या.

"बसा," मी म्हणाले. "दोघंही बसा. आता हळू दाखवते."

एकेक चौकट दाखवली. पाइप दाखवला. डोळे दाखवले. मनगटं वळली तिथं थांबले.

शामराव पडद्याच्या अगदी जवळ वाकले.

"तू सोडलंस?" शामराव म्हणाले.

"मग काय करणार? पाइप निघत होता."

"तू सोडलंस."

"मास्टर, तुम्हाला माहीत आहे ना? कॅचरला कळते, कोण सोडला ते." काकूंचा आवाज चढला. "हातात होते ना मी तुमच्या!"

"मला वाटलं, मी सोडलं!"

"काय?"

"मला वाटलं माज्या हातनं निसटलीस! तीस वर्सं वाटतंय!"

काकूंनी शेजारची उशी मांडीवर ओढली. मग एकेक शब्द वेगळा काढून म्हणाल्या, "मला वाटला, तुम्ही रागावला. उडणारी कधी हात सोडत नाही, हे पहिल्या दिवशी तुम्हीच शिकवला. मी भरवसा नाही ठेवला म्हणून तुम्ही सर्कस सोडला, झुला सोडला. मी म्हटलं, बिचारा माणूस, एक शब्द बोलत नाही."

"आन् मी म्हणत हुतो, बिचारी बाई, एक शब्द बोलत न्हाई!"

"मूर्ख!" काकूंनी उशी उचलून त्यांच्या पाठीत घातली. "मूर्ख मास्टर!" दुसरी घातली तेव्हा त्या रडत होत्या. शामराव उशांचा मार खात नुसते बसले होते. माझं तिथं काही काम नव्हतं. मी बाहेर ओट्यावर जाऊन बसले आणि शेजारच्या मांजराशी बोलत राहिले.

बऱ्याच वेळानं शामरावांनी हाक मारली. त्यांचे डोळे लाल होते. "पोरी, परत लाव. सुरवातीपासनं लाव. आता मला नीट बगायचंय."

सिनेमा आम्ही संकेतस्थळावर जसा होता तसाच ठेवला, चिरलेला, डागाळलेला, सहाव्या रिळासकट. काकूंनी दोनच अटी घातल्या, की पडल्याचा तुकडा कापायचा नाही आणि खाली मास्टरचंही नाव लिहायचं. हसणारे पुष्कळ आले. पुठ्ठ्याच्या क्षेपणास्त्रांवर पोरांनी काय काय लिहिलं. काकू मला फोनवर ते वाचून दाखवायला लावायच्या आणि खिदळायच्या. बिरनाळे अण्णा एकदा मिरजेला आले आणि जेवून गेले.

त्याच पावसाळ्यात केरळमधल्या एका सर्कसवाल्या मुलीचा निरोप आला. ती नवीन उडायला शिकत होती. तिनं काकूंचं उडणं कितीदा तरी बघितलं होतं आणि तिला विचारायचं होतं, की झेल लागतो तेव्हा मनगटं नेमकी कशी ठेवायची. मी मिरजेला गेले. काकू म्हणाल्या, लिहून नाही समजत, दाखवावं लागतं.

त्यांनी अंगणात मास्टरना समोर उभं केलं. पदर खोचला, दोन्ही हात पुढे केले. शामरावांनी काकूंची मनगटं धरली आणि काकूंनी त्यांची. मी मोबाइलवर चित्र घेत होते. काकू त्या मुलीसाठी मल्याळममधे भराभर बोलत होत्या, बोटं कुठं, अंगठा कुठं, मान कुठं. बोलणं संपलं. मी मोबाइल खाली केला.

शामरावांनी हात तसेच धरून ठेवले होते.

"मास्टर, झाला. सोडा आता," काकू म्हणाल्या. "आत चहा उतू जाते."

"जाऊ दे की," शामराव म्हणाले.